'काराकल्पक'मध्ये कल्पक कोण?

एका वाचकाची शंका अशी: मध्य आशियातल्या, आटत गेलेल्या अरल समुद्राविषयी वाचताना तिथल्या लोकांचं 'काराकल्पक' हे नाव दिसलं. यातला 'कल्पक' आणि आपण हुशार माणसाला म्हणतो तो 'कल्पक' एकच का?

एक नाहीत. आपला 'कल्पक' संस्कृत 'कॢप्' धातूचा; कल्पना, संकल्प, विकल्प ही त्याची भावंडं. संस्कृतात न्हाव्यालाही कल्पक म्हणत आणि कात्रीला कल्पनी. काराकल्पकांचं नाव टोपीवरून आलं आहे आणि न्हाव्याचा संबंधही डोक्याशीच, म्हणून दोन्ही शब्द जोडायचा मोह होतो खरा, पण तोही आवरायला हवा.

काराकल्पकांचा शब्द तुर्की कुळातला आहे. 'कारा' म्हणजे काळा आणि 'कालपाक' म्हणजे टोपी. काळ्या टोपीवाले, एवढाच अर्थ. हा 'कारा' आपल्याला काराकोरममुळे माहीत आहे. गोवळकोंड्याच्या कुतुबशाहांचं मूळ घराणं 'कारा कोयुनलू', म्हणजे काळ्या मेंढीवाले. दख्खनच्या इतिहासात हा शब्द असा आधीच येऊन बसलेला आहे.

टोपीवरून माणसं ओळखण्याची रीत मराठीला परकी नाही. आज्ञापत्रात इंग्रज, फिरंगी (पोर्तुगीज), वलंदेज (डच) या सगळ्यांना मिळून 'टोपीकर' म्हटलं आहे. लांबून येणाऱ्या माणसाची भाषा कळण्याआधी त्याच्या डोक्यावर काय आहे ते दिसतं. तुर्की जगात तर अशी नावं पुष्कळ. काळ्या पापाखवाले, म्हणजे लोकरीच्या टोपीवाले, ते 'कारापापाख'. इराणच्या सफवी शाहांचे पाठीराखे लाल टोपी घालत, म्हणून ते 'किझिलबाश', लाल डोक्याचे. बाराव्या शतकात कीव्हच्या सीमेवर राहणाऱ्या तुर्की टोळ्यांना तिथल्या बखरींनी 'काळे क्लोबुक' म्हटलं. या क्लोबुकचं मूळही कालपाकच. मात्र तेच आजच्या काराकल्पकांचे पूर्वज, असं नुसत्या नावावरून म्हणू नये. काळ्या टोप्या अनेकांनी घातल्या.

'कालपाक' म्हणजे नक्की कोणती टोपी, हे मात्र प्रदेशागणिक बदलतं, आणि शब्दाची खरी गंमत मला तिथेच वाटते. किर्गिझ लोकांचा 'अक कालपाक' ('अक' म्हणजे पांढरा) लोकरीच्या नमद्याचा असतो. नमदा विणत नाहीत. लोकर गरम पाण्याने भिजवून, गुंडाळून, दाबून, तुडवून तिचे तंतू एकमेकांत अडकवतात. बुरणूस पाहिलेल्यांना हे लगेच कळेल. घोंगडी मागावरची, बुरणूस दाबलेला. त्या नमद्याच्या चार पाकळ्या जोडून उंच, निमुळती टोपी होते. काठ वर दुमडलेला आणि बहुधा काळ्या मखमलीचा. ऊन आणि थंडी दोन्ही तिच्याने निभतात. २०१९ मध्ये युनेस्कोने ती बनवण्याची कला मानवजातीच्या अमूर्त वारशाच्या यादीत घेतली. किर्गिझस्तानात ५ मार्चला तिचा दिवसही पाळतात.

वोल्गाकाठच्या तातारांकडे हाच शब्द 'कालफाक' होतो आणि बायकांच्या भरतकाम केलेल्या टोपीला लागतो. खुद्द काराकल्पकांच्या काळ्या मेंढीच्या कातड्याच्या टोपीचं रोजचं नाव 'शोगिर्मे' असं वेगळंच आहे. म्हणजे कालपाक लोकांच्या नावात राहिला आणि टोपीला दुसरा शब्द मिळाला.

म्हणून अशा सगळ्या टोप्यांना सरसकट कालपाक म्हणणं मला पटत नाही. तुर्कमेनांची झुबकेदार, लांब केसांची टोपी 'तेलपेक'. तीही मेंढीच्या कातड्याची. काराकुमच्या वाळवंटात भर उन्हाळ्यातसुद्धा घालतात, कारण लोकर उष्णता डोक्यापर्यंत पोचू देत नाही. कझाकांची कान आणि मान झाकणारी ती 'तिमाक'. आणि या सर्वांहून जुना नोंदलेला शब्द 'बोर्क'. अकराव्या शतकात महमूद काश्गरीने आपल्या तुर्की शब्दकोशात एक म्हण दिली आहे: ताताशिवाय तुर्क नाही, डोक्याशिवाय बोर्क नाही. तात म्हणजे इराणी. शेजाऱ्याशी असलेलं नातं टोपी आणि डोक्याच्या उपमेत सांगणारी ही म्हण मला फार आवडते.

राहिलं लेखन. आपल्याकडे 'काराकल्पक' रूढ होत चाललं आहे, पण मूळ उच्चारात सगळे स्वर 'आ'च्या जवळचे आहेत. त्यामुळे 'काराकालपाक' लिहावं, असं माझं मत. उच्चार जवळचा होतो आणि 'कल्पक'चा घोळही टळतो. क्रिकेटमुळे आपल्या कानांना तसा शब्द सवयीचाही आहे. दक्षिण आफ्रिकेचे खेळाडू ज्या 'कोल्पाक' नियमाने इंग्लिश काउंट्यांत परदेशी न ठरता खेळले, तो मारोश कोल्पाक या स्लोव्हाक हँडबॉलपटूच्या खटल्यातून, युरोपीय न्यायालयाच्या २००३ च्या निकालाने आला. रशियनमध्ये 'कालपाक'चं रूप हेच आहे: कोल्पाक.