वेलवर्गीय भाज्यांवरील लाल भुंगेरा आणि लाल ढेकूण: ओळख व नियंत्रण

प्रश्न: भोपळा, काकडी आणि दुधीची रोपे उगवून चार-पाच दिवस झाले. पानांची चाळणी झाली आहे, काही रोपांचा नुसता दांडा उरला आहे. पानांवर चकचकीत तांबडे किडे दिसतात, हात लावायला गेले की उडतात. फवारणी केली, पण दोन दिवसांनी पुन्हा तेवढेच किडे. काय करावे?

हा लाल भुंगेरा आहे. लांबी 6 ते 8 मिलिमीटर, अंग लांबट, पाठ नारिंगी-लाल आणि गुळगुळीत. एखादा पकडून उलटा केला तर पोटाची बाजू काळी दिसते, ही त्याची पक्की खूण. पाठीवर ठिपके असतील तर तो हा किडा नव्हे. खाण्याआधी तो पानावर गोल रेघ कुरतडतो आणि मग रेघेच्या आतला भाग खातो, म्हणून छिद्रे बहुतेक गोलसर असतात. भोपळावर्गाच्या पानांत कुकुरबिटॅसिन नावाचे कडू द्रव्य असते. इतर किडी त्यापासून लांब राहतात, हा भुंगेरा मात्र त्याच्याच ओढीने येतो. त्याचा सर्वांत जास्त डोळा असतो तो उगवणीच्या वेळच्या दोन जाड दलपत्रांवर. भोपळा, काकडी, खरबूज आणि दुधीला त्रास जास्त होतो, कारल्याला त्या मानाने कमी.

फवारणीनंतर किडे परत दिसले म्हणजे औषध खोटे निघाले असे समजू नका. भुंगेरे चांगले उडतात. शेजारच्या वेलांवरून, गवतातून, पालापाचोळ्यातून नवे येत राहतात, आणि काही तुमच्याच आळ्यातल्या मातीतून कोष फोडून वर येतात. शिवाय कोवळे रोप रोज नवे पान काढते आणि त्या पानावर औषध नसतेच. त्यामुळे एका फवारणीवर विसंबून चालत नाही. रोपाला चार-पाच खरी पाने (दलपत्रांनंतर फुटणारी) येईपर्यंतचे दोन-तीन आठवडे त्याला राखणे हेच खरे काम. तेवढा काळ निभावला की आठ-दहा पानांचा वेल थोडीफार छिद्रे सहज सोसतो आणि तेव्हा प्रत्येक भुंगेऱ्यामागे धावण्याची गरज उरत नाही.

परसबागेत किंवा दोन-चार गुंठ्यांत हाताने वेचणे हाच सर्वांत खात्रीचा उपाय आहे. वेळ मात्र नेमकी साधावी लागते. भुंगेरे पहाटेच्या गारव्यात सुस्त असतात, ऊन चढले की हाताला लागत नाहीत. उजाडताच एका रुंद तोंडाच्या भांड्यात लिटरभर पाणी घेऊन त्यात एक-दोन चमचे पातळ साबण मिसळा. भांडे पानाखाली धरा आणि वरून पान हलकेच झटका. दचकलेला किडा खाली पडतो. साबणामुळे पाण्याचा ताण मोडतो, म्हणून तो बुडतो. नुसत्या पाण्यावर तो तरंगतो आणि उडूनही जातो. हे सलग आठवडाभर करा. एक दिवस गाळून चालत नाही, कारण मादी खातखातच अंडी घालत असते.

नव्याने लागवड करणार असाल तर बी पेरतानाच आळ्यावर कीटकरोधक जाळी किंवा पातळ क्रॉप कव्हर टाका. तारेच्या कमानी करून कापड पानांना टेकणार नाही असे बघा आणि चारही कडा मातीत दाबा. बोटभर फट राहिली तरी भुंगेरा आत शिरतो. इथे एक चूक वारंवार होते. ज्या जागी मागच्या हंगामात भोपळावर्गीय वेल होते तिथेच नवे आळे करून वर जाळी टाकली जाते. मातीतल्या कोषातून निघालेले भुंगेरे मग जाळीच्या आतच अडकतात आणि रोपांचा फडशा पाडतात. त्यामुळे जाळी वापरायची तर जागा बदललेली हवी. पहिली फुले दिसली की जाळी काढावी लागते, नाहीतर मधमाश्या पोचत नाहीत आणि फळधारणा होत नाही.

आळ्यात दोनच बिया टोकू नका. चार-पाच टोका आणि विरळणी चार खऱ्या पानांनंतर करा, म्हणजे एक-दोन रोपे गेली तरी आळे रिकामे राहत नाही. प्रो-ट्रेमध्ये (रोपे वाढवायच्या कप्प्यांच्या ट्रेमध्ये) जाळीखाली रोपे तयार करून लावणे आणखी बरे. फक्त रोप दोन ते चार खऱ्या पानांचे असतानाच लावा. भोपळावर्गाची मुळे दुखावली की लवकर सावरत नाहीत, आणि ट्रेमध्ये जास्त दिवस राहिलेले रोप लावल्यावर बसून राहते.

राखेबद्दल बरेच जण विचारतात. चाळलेली लाकडाची राख सकाळी दवात पानावर हलकी धुरळली तर भुंगेरे पान टाळतात, हे खरे. पण ती किडा मारत नाही, आणि पाणी पडले की धुऊन जाते, म्हणून पुन्हा टाकावी लागते. थर पातळ ठेवा. राख क्षारयुक्त असते, ओल्या कोवळ्या पानावर जाड बसली तर कडा करपतात. राखेत रॉकेल मिसळण्याची पद्धत सोडून द्या, त्याने दलपत्रे भाजतात.

फवारायचेच असेल तर आधी 5 टक्के निंबोळी अर्क घ्या. 500 ग्रॅम वाळलेल्या निंबोळ्यांची भरड पूड कापडात सैल बांधून लिटरभर पाण्यात रात्रभर भिजवा. सकाळी पुरचुंडी त्याच पाण्यात पुन्हा पुन्हा पिळा, अर्क गाळा, एकूण 10 लिटर पाणी करा आणि त्यात 20 ग्रॅम साबणचुरा विरघळवा. त्याच दिवशी वापरा. शिळ्या अर्काचा गुण उतरतो. गेल्या वर्षीच्या बुरशी लागलेल्या निंबोळ्या घेऊ नका. तयार निमऔषध घ्यायचे असल्यास 1500 पीपीएमचे (डब्यावर लिहिलेले अझाडिरॅक्टिन या निमातल्या द्रव्याचे प्रमाण) 3 ते 5 मिलिलिटर प्रतिलिटर पाणी. कडूनिंब किड्याची भूक मारतो, जागच्या जागी मारत नाही, त्यामुळे फवारल्यावर तासाभरात मेलेले किडे शोधू नका. पान खाणे थांबले का ते बघा आणि पाच-सात दिवसांनी पुन्हा फवारा.

प्रश्न: वेल चार-पाच फुटांचा झाला, पाने हिरवी आणि अखंड आहेत. तरी दुपारी माना टाकतो. पाणी वाढवले, उपयोग नाही. दोन वेल वाळून गेले.

पाणी वाढवणे आधी थांबवा. सारखी ओल असलेली माती या भुंगेऱ्याला अंडी घालायला आवडते, आणि मुळे कुजायलाही तीच कारण होते.

मग निदान करा. संध्याकाळी ऊन उतरल्यावर वेल पुन्हा ताठ होत असेल तर तो बहुधा उन्हाचा ताण आहे. संध्याकाळीही मलूल राहत असेल तर सर्वांत वाईट दिसणारा एक वेल मुळासकट, भोवतालच्या मातीसह कुदळीने उचला. ओढून उपटू नका, मुळे तुटून पुरावा मातीतच राहतो. मुळे धुऊन जमिनीलगतचा खोडाचा भाग तपासा. तिथे भोके, कुरतडलेली साल आणि आत मळकट पांढरी, तपकिरी डोक्याची, साधारण सेंटीमीटरभर लांब अळी सापडली तर ती लाल भुंगेऱ्याचीच अळी आहे. अनेकांना हे माहीत नसते: प्रौढ भुंगेरा पान खातो, पण त्याची पिल्ले मातीत मुळे आणि खोड पोखरतात. मादी रोपाच्या बुडाशी ओल्या मातीत पिवळसर-नारिंगी अंडी घालते, अळ्या तिथेच वाढतात आणि मातीतच कोषात जातात. एक पिढी साधारण महिना-सव्वा महिन्यात पुरी होते. म्हणजे आज पानावर भुंगेरे दुर्लक्षित राहिले तर त्याचे बिल महिन्याभराच्या आत मुळांवर फुटते.

अळी नाही, भोके नाहीत, पण खोड उभे चिरल्यावर आतल्या नळ्या तपकिरी दिसल्या, तर तो बुरशीजन्य मर रोग आहे आणि कीटकनाशकाने काहीही साधणार नाही.

अळीने खोड पोखरलेला वेल वाचत नाही. तो मातीसह काढून नष्ट करा. उरलेल्या वेलांभोवती वरची दोन-तीन बोटे माती हलक्या हाताने हलवून उन्हात उघडी करा. बरीच अंडी सुकून जातात. खोल खुरपू नका, भोपळावर्गाची मुळे वरच्या थरातच पसरलेली असतात. आळ्यात मूठ-दोन मूठ निंबोळी पेंड मिसळा. पाणी रोज थोडे थोडे देण्यापेक्षा माती वरून वाफशावर आल्यावर पुरेसे द्या. जमिनीला टेकलेल्या फळांनाही या अळ्या खालून भोके पाडतात, म्हणून कलिंगड, खरबूज, भोपळा यांच्या प्रत्येक फळाखाली फळीचा तुकडा किंवा कौल सरकवा. फळाच्या आत पांढऱ्या, बिनपायांच्या अळ्या वळवळत असतील तर मात्र ती फळमाशी. तिच्यासाठी क्यू-ल्युअरचा (नर माश्यांना ओढणाऱ्या गंधद्रव्याचा) सापळा लागतो. आंब्या-पेरूसाठी वापरतात तो मिथाइल युजेनॉलचा सापळा वेलवर्गीय भाज्यांवरील फळमाशीला उपयोगी पडत नाही.

प्रश्न: किडे लालच आहेत, पण पानाला एकही छिद्र नाही. देठांवर आणि शेंड्यावर घोळक्याने बसतात, चिरडले की घाण वास येतो. लाल भुंगेऱ्याचेच औषध चालेल का?

हा भुंगेरा नव्हे, वेलावरचा लाल ढेकूण आहे. आकाराने भुंगेऱ्याच्या दुपटीहून मोठा, अंग चपटे व रुंद, डोके काळे, आणि पंखांच्या टोकाकडचा पातळ भागही काळा. याला कुरतडायला जबडे नसतात, सुईसारखी सोंड असते. ती खुपसून तो देठातला रस शोषतो. म्हणून पाने फाटत नाहीत. ती पिवळी पडतात, शेंडा मान टाकतो आणि वाढ खुंटते.

हा फरक औषधाच्या दृष्टीने महत्त्वाचा आहे. पानावर पसरलेले पोटविष (पानाबरोबर खाल्ले तरच मारणारे औषध) रस शोषणाऱ्या किड्याच्या पोटात जात नाही. ढेकणाच्या अंगावर द्रावण पडले तरच काम होते, आणि तेही पिल्ले लहान असताना. प्रौढाचे कवच जाड असते, साबणपाणी त्यावरून ओघळून जाते. दर तीन-चार दिवसांनी पाने उलटून, देठ आणि ताणे बघून अंड्यांचे पुंजके चिकटपट्टीने उचला किंवा तेवढाच पानाचा तुकडा कापून साबणपाण्यात टाका. पिल्ले घोळक्याने असतील तेव्हा 1 लिटर पाण्यात 5 मिलिलिटर पातळ साबण आणि 5 मिलिलिटर निमतेल नीट घुसळून थेट त्यांच्यावर, पानांच्या खालच्या बाजूनेही, संध्याकाळी फवारा. आधी एका पानावर करून दुसऱ्या दिवशी ते करपले नाही याची खात्री करा.

प्रौढांसाठी रात्री वेलाच्या बुडाशी एक फळी जमिनीवर पालथी ठेवा. आडोसा शोधत ढेकूण तिच्याखाली जमतात. सकाळी लवकर फळी उलटून त्यांना साबणपाण्यात ढकला. याच कारणाने ढेकणांचा उपद्रव असताना वेलाखाली पेंढ्याचे जाड आच्छादन ठेवू नये. फळाखाली सरकवलेली फळीही रोज उलटून बघा.

घुमटासारखा, ठिपकेवाला किडा पान खरवडून जाळीदार करत असेल तर तो हड्डा भुंगेरा. त्याच्या पाठीवर बारीक लव असल्याने तो मळकट दिसतो. चकचकीत पाठीचा तसाच ठिपकेदार किडा मावा खाणारा मित्रकीटक आहे, त्याला हात लावू नका.

प्रश्न: वेल फुलावर आहेत. आता फवारावे का?

शक्यतो नको, वेचणीच करा. फवारणी टळतच नसेल तर कोणती फुले कधी उमलतात ते बघा. भोपळा, काकडी, कलिंगड आणि कारल्याची फुले सकाळी उमलतात, म्हणून त्यांच्यावर संध्याकाळी फवारणे ठीक. दुधी आणि दोडक्याची फुले मात्र संध्याकाळी उमलतात. त्यांच्यावर संध्याकाळी फवारले तर परागीभवन करणारे कीटक नेमके फुलावर असतानाच औषध पडते. तिथे सकाळी फुले मिटल्यावर, ऊन तापण्याआधी फवारा. रासायनिक कीटकनाशक घ्यायचे झाल्यास ज्याच्या लेबलवर त्या भाजीचे आणि त्या किडीचे नाव आहे तेच घ्या, आणि फवारणी ते तोडणी यांतले लेबलवर दिलेले दिवस पाळा. काकडी, दोडका एक-दोन दिवसांआड तोडले जातात, त्यामुळे जास्त दिवस थांबावे लागणारे औषध इथे बसतच नाही. गंधकाची फवारणीही टाळा, भोपळावर्गाची पाने तिने भाजतात.

प्रश्न: पुढच्या हंगामात त्याच जागी लावू का?

नाही. शेवटची तोडणी झाली की वाळत चाललेले वेल मांडवावर तसेच ठेवू नका. भुंगेरे आणि ढेकूण त्यांत आणि खालच्या पाल्यात दडून राहतात. वेल, गळलेली फळे, बांधावरचे आपोआप उगवलेले भोपळे सारे काढा. शेतात खोल नांगरट करा, परसबागेत आळ्याची माती वीतभर खोल कुदळीने उलटी करा, आणि ती दहा-पंधरा दिवस कडक उन्हात तशीच ढेकळांत पडू द्या. कोष वर येऊन वाळतात, उरलेले पक्षी वेचतात. लगेच ढेकळे फोडून सपाट केले तर हा फायदा जातो. त्या जागी पुढचे पीक भोपळावर्गाबाहेरचे घ्या: मेथी, कांदा, गवार, भेंडी, काहीही चालेल.