वाचकांचे प्रश्न : टिरेल्सपास नावाचे आयरिश गाव आणि डगशाईचा तुरुंग

प्रश्न : उन्हाळ्याच्या सुटीत आम्ही सिमल्याकडे गेलो असता वाटेत डगशाई येथील जुना लष्करी तुरुंग पाहिला. त्याचे आता संग्रहालय झाले आहे. तेथे १९२० साली गोळ्या घालून मारलेल्या जेम्स डेली या आयरिश सैनिकाची माहिती मिळाली आणि त्याचे गाव टिरेल्सपास असल्याचे कळले. हे गाव कोठे आहे, त्याचा इतिहास काय आणि तेथील तरुण हिमालयाच्या पायथ्याशी येऊन असा का मेला, हे सांगावे. त्याची कबर आजही डगशाईलाच आहे काय? (एक वाचक, धरमपेठ, नागपूर)

उत्तर : टिरेल्सपास हे आयर्लंडच्या मध्यभागी, वेस्टमीथ काउंटीत वसलेले एक लहान गाव आहे. डब्लिनपासून ते साधारण ८० किलोमीटरवर, म्हणजे आपल्याकडे नागपूरहून वर्धा जेवढे दूर आहे तेवढ्या अंतरावर आहे. त्या भागात डोंगर नाहीत; आहे ती मैलोन्‌मैल पसरलेली दलदल. हिमयुगात बर्फाखालून वाहणाऱ्या प्रवाहांनी वाळू आणि खडी साठवून जे लांबट उंचवटे तयार केले, त्यांच्यावरूनच या दलदलीतून कोरड्या पायांनी जाता येत असे, आणि पूर्वेकडून पश्चिमेकडे जाणारा प्राचीन मार्ग अशाच उंचवट्यांच्या आधाराने गेला होता. बाराव्या शतकात नॉर्मन सरदारांबरोबर आयर्लंडमध्ये आलेल्या टिरेल घराण्याच्या ताब्यात या वाटेचा एक मोक्याचा टप्पा होता आणि त्यावरूनच गावाला नाव पडले. या घराण्याने पंधराव्या शतकाच्या आरंभी बांधलेला दगडी गढीवजा मनोरा आजही रस्त्याच्या कडेला उभा आहे.

ज्याच्या हाती वाट, त्याच्या हाती लढाई, हे येथे १५९७ साली सिद्ध झाले. इंग्रजी सत्तेविरुद्ध ह्यू ओनील याने पुकारलेले नऊ वर्षांचे युद्ध तेव्हा चालू होते. ओनीलच्या बाजूने लढणारा कॅप्टन रिचर्ड टिरेल मुळात नॉर्मन वंशाचा, म्हणजे इंग्रजांना आपल्या बाजूचा वाटावा असा होता. परंतु चार शतकांत ही घराणी तेथल्याच मातीची झाली होती. त्याच्याकडे सुमारे चारशे माणसे होती आणि त्याच्यावर चालून आलेली फौज हजाराच्या घरात होती, असे परंपरेने सांगितले जाते. टिरेलने निम्मी माणसे वाटेलगतच्या खोलगट भागात दडवून ठेवली, उरलेल्यांसह माघार घेतल्याचा देखावा केला, आणि पाठलाग करणारी फौज पुढे निघून जाताच ठरलेल्या रणवाद्यांच्या इशाऱ्यावर तिला दोन्ही बाजूंनी कोंडले. इंग्रजांच्या बाजूचे फार थोडे लोक वाचले. गनिमी काव्याच्या कथा ऐकत वाढलेल्या मराठी वाचकाला या लढाईचे मर्म समजावून सांगण्याची गरज नाही.

गावाचे आजचे रूप मात्र त्या लढाईनंतर दोनशे वर्षांनी घडले. मधोमध हिरवळ आणि तिच्याभोवती अर्धचंद्राकार घरांची रांग ही सुबक आखणी बेल्व्हेडिअरच्या काउंटेस जेन यांच्या पुढाकाराने झाली. देशभरातील नीटनेटक्या गावांच्या स्पर्धेत १९६९ साली टिरेल्सपास पहिले आले, त्यात या आखणीचा वाटा मोठा होता.

जेन ज्या घरात सून म्हणून आल्या, त्याचा पूर्वेतिहास मात्र क्रूर आहे. त्यांचे सासरे, पहिले अर्ल रॉबर्ट रॉशफर्ट, यांनी आपल्या भावाशी संबंध असल्याच्या संशयावरून पत्नी मेरी हिला सुमारे तीस वर्षे घरात कोंडून ठेवले. दुसऱ्या एका भावाचे टोलेजंग घर डोळ्यांना खुपू लागले, तेव्हा ते दिसू नये म्हणून त्यांनी मध्ये पडक्या किल्ल्याचा आभास निर्माण करणारी उंच भिंत उभारली. ‘मत्सराची भिंत’ या नावाने ती मलिंगर शहराजवळ आजही पाहायला मिळते. १७७४ साली रॉबर्ट मरण पावले, तेव्हाच मेरीची सुटका झाली. मुलगा जॉर्ज दुसरा अर्ल झाला. जेन त्याच्या द्वितीय पत्नी. त्याचे स्मारक गावच्या चर्चमध्ये आहे. त्याने डब्लिनमध्ये बांधलेला वाडा पुढे जेझुइट पाद्र्यांनी विकत घेतला आणि तेथे बेल्व्हेडिअर कॉलेज चालू झाले. या कॉलेजचा उल्लेख पुढे पुन्हा येईल.

आता आपल्या मुख्य प्रश्नाकडे वळू. जेम्स डेलीचा जन्म गॉल्वे काउंटीत झाला असला, तरी त्याचे कुटुंब टिरेल्सपासला राहत होते आणि हेच त्याचे गाव मानले जाते. पहिले महायुद्ध संपल्यावर तो ब्रिटिश लष्कराच्या कनॉट रेंजर्स या आयरिश पलटणीत होता आणि तिच्या पहिल्या बटालियनबरोबर पंजाबात आला होता. त्याच काळात आयर्लंडमध्ये स्वातंत्र्ययुद्ध पेटले होते. ते चिरडण्यासाठी सरकारने पोलिसांत भरती केलेले ‘ब्लॅक अँड टॅन्स’ गावोगावी लोकांना छळत होते, आणि या बातम्या घरच्या पत्रांतून छावणीत पोहोचत होत्या. जो हॉज या सैनिकाने तर रजेवर घरी गेला असताना गावकऱ्यांचा हर्लिंग या काठी-चेंडूच्या आयरिश खेळाचा सामना संगिनींच्या धाकाने बंद पाडला जाताना स्वतः पाहिले होते.

२८ जून १९२० रोजी जालंधरच्या छावणीत हॉज आणि त्याच्या काही सोबत्यांनी, आयर्लंडमधून फौज मागे घेतल्याशिवाय आम्ही चाकरी करणार नाही, असे सांगून शस्त्रे खाली ठेवली. पाहता पाहता त्यांना पुष्कळ जण येऊन मिळाले. बाजारातून हिरवे, पांढरे आणि नारिंगी कापड आणून त्यांनी आयरिश तिरंग्याच्या फिती छातीवर लावल्या. दोन सैनिक ही वार्ता घेऊन सोलनच्या तुकडीकडे गेले आणि तेथे पुढारीपण वीस वर्षांच्या डेलीने घेतले. धर्मगुरूच्या विनवणीवरून सोलनच्या सैनिकांनी आधी बंदुका जमा केल्या होत्या. परंतु १ जुलैच्या रात्री त्या परत मिळवण्यासाठी डेलीच्या नेतृत्वाखाली काही जण संगिनी घेऊन शस्त्रागारावर चालून गेले. पहारेकऱ्यांनी गोळीबार केला आणि त्यात पीटर सिअर्स व पॅट्रिक स्मिथ हे दोघे ठार झाले.

लष्करी न्यायालयाने अनेकांना देहान्ताची शिक्षा सुनावली आणि नंतर एक सोडून बाकी सर्वांच्या शिक्षा सौम्य केल्या. ती एक शिक्षा डेलीची होती. २ नोव्हेंबर १९२० रोजी पहाटे डगशाईच्या तुरुंगात त्याला गोळ्या घालण्यात आल्या. आदल्या दिवशी, १ नोव्हेंबरला, डब्लिनमध्ये अठरा वर्षांच्या केव्हिन बॅरीला फाशी देण्यात आले होते आणि तो बेल्व्हेडिअर कॉलेजचा माजी विद्यार्थी होता. टिरेल्सपासच्या जमीनदाराने बांधलेल्या वाड्यात शिकलेला एक तरुण आणि टिरेल्सपासच्या साध्या घरातला दुसरा, हे दोघे एकाच लढ्यासाठी एका दिवसाच्या अंतराने मारले गेले. मरणापूर्वी डेलीने आईला पत्र लिहिले. हे सारे आयर्लंडसाठी आहे, मला मरणाचे भय नाही, चिंता वाटते ती तुझी, असा त्याचा आशय होता.

आपण कबरीविषयी विचारले आहे. डेलीचे दफन डगशाईलाच झाले होते. परंतु पन्नास वर्षांनी, १९७० साली, त्याचे अवशेष आयर्लंडला नेण्यात आले आणि टिरेल्सपासला पुरण्यात आले. सिअर्स आणि स्मिथ यांचे अवशेषही त्याच वेळी नेले गेले. त्यांना डब्लिनच्या ग्लासनेव्हिन स्मशानभूमीत जागा मिळाली. डगशाईच्या तुरुंगात आजारी पडून मेलेल्या जॉन मिरांडा या चौथ्या सैनिकाचा त्यांत समावेश नव्हता. हा मनुष्य लिव्हरपूलचा, म्हणजे इंग्लंडचा होता आणि तरीही आयरिश सोबत्यांच्या बाजूने उभा राहिला होता. त्याची आठवण फार कमी काढली जाते, म्हणून येथे ती मुद्दाम नोंदवली आहे.

प्रश्न : १९२० च्या डिसेंबरात नागपूरला काँग्रेसचे अधिवेशन भरले आणि असहकाराचा ठराव कायम झाला. त्याआधी दोनच महिने डेली मारला गेला. या आयरिश सैनिकांचे बंड भारताच्या स्वातंत्र्यासाठी होते आणि त्याचा नागपूरच्या ठरावावर परिणाम झाला, असे म्हणता येईल काय? (एक वाचक, काँग्रेसनगर, नागपूर)

उत्तर : तसे म्हणता येणार नाही. असहकाराचा ठराव सप्टेंबर १९२० मध्ये कलकत्त्याच्या विशेष अधिवेशनात आधीच संमत झाला होता, आणि विजयराघवाचार्यांच्या अध्यक्षतेखाली नागपूरला त्यावर शिक्कामोर्तब झाले. त्यामागची कारणे रौलट कायदा, जालियनवाला बाग आणि खिलाफतीचा प्रश्न ही होती. कनॉट रेंजर्सची मागणी आयर्लंडपुरती होती आणि त्यांची जी विधाने उपलब्ध आहेत, त्यांतही त्यांचे मन मायदेशातच गुंतलेले दिसते. डेलीला भारतीय स्वातंत्र्याचा हुतात्मा ठरवण्याचा मोह समजण्यासारखा आहे, पण त्याने ज्यासाठी प्राण दिले ते कारण त्याच्यापासून हिरावून घेणे बरे नव्हे.

एवढे मात्र खरे की अमृतसरपासून जवळच असलेल्या जालंधरमध्ये, जालियनवाला बागेनंतर अवघ्या चौदा महिन्यांनी, ज्या लष्कराच्या बळावर पंजाब दाबून ठेवला होता त्याच लष्करातील गोऱ्या सैनिकांनी शस्त्रे खाली ठेवली. राज्यकर्त्यांना त्याची धास्ती वाटली असणार, हे शिक्षांच्या कठोरपणावरून दिसते. जे वाचले ते आयरिश स्वातंत्र्य करारानंतर, १९२३ च्या आरंभी, इंग्लंडच्या तुरुंगांतून सुटले. ती पलटण त्याआधीच, १९२२ साली, बरखास्त झाली होती. घरी परतलेल्यांना काम मिळणे कठीण गेले, आणि त्यांना निवृत्तिवेतन देण्याचा कायदा आयर्लंडच्या संसदेने केला तो १९३६ साली.