रॅक हलवा, पण देवघेवीचा आकडा पुढे करून नको

ताई, तुमचा पेच समजला. कॉलेजच्या लायब्ररी कमिटीवर तुम्ही नुकत्याच आलात. प्राचार्य म्हणतात, पाच वर्षांत पुस्तकांची देवघेव (वाचायला घरी नेणं-परत करणं) निम्म्यावर आली, वीस रॅक काढून अभ्यासिका करू. ग्रंथपाल म्हणतात, मग लायब्ररीला कुलूपच लावा. आणि दोघंही तुमच्या तोंडाकडे बघताहेत. मी बडोद्यातच तीसेक वर्षं कॉलेजच्या लायब्ररीत काढली, म्हणून लिहितो. अभ्यासिका व्हायला हवी असं माझं मत आहे. प्राचार्यांनी दिलेलं कारण मात्र मला पटत नाही.

देवघेवीच्या आकड्यातून किती पुस्तकं दाराबाहेर गेली तेवढंच कळतं. पोरं आत येऊन काय करतात, कुठे अडतात, हे त्यात येत नाही. नोकरीच्या शेवटच्या काही वर्षांत मी काउंटरवर एक दोनशे पानी वही ठेवली होती. येणारा जे विचारेल ते एका ओळीत लिहायचं, नाव नाही, फक्त प्रश्न. पहिल्या आठवड्यात वायफाय, प्रिंट आणि 'जागा आहे का' यांनीच पानं भरली. मग हळूहळू खरं पीक दिसायला लागलं. 'सर, आ पेपर खूलतुं नथी' हे वाक्य मी इतक्यांदा लिहिलं की पुढे नुसती खूण करायचो. म्हणजे पोराला लेख सापडलाय, प्रकाशक पैसे मागतोय, आणि तोच लेख आपल्या कॉलेजच्या पासवर्डवर फुकट उघडतो हे त्याला कुणी सांगितलेलंच नाही.

यात आता बरंच बदललंय. २५ नोव्हेंबर २०२४ ला केंद्रीय मंत्रिमंडळाने 'वन नेशन वन सबस्क्रिप्शन' मंजूर केलं, म्हणजे संशोधनाच्या जर्नल्सची वर्गणी सरकारनेच एकत्र भरायची योजना. तीन वर्षांसाठी ६,००० कोटी रुपये, ३० प्रकाशक, जवळपास १३,००० जर्नल्स. कारभार आपल्या शेजारी, गांधीनगरच्या इन्फ्लिबनेटकडे, म्हणजे विद्यापीठांच्या लायब्ऱ्या जोडणाऱ्या यूजीसीच्या (विद्यापीठ अनुदान आयोगाच्या) केंद्राकडे. पण ते सरकारी संस्थांसाठी आहे, त्यामुळे तुमचं कॉलेज त्यात बसतं का ते आधी बघा. नसेल तर ई-जर्नल्स आणि ई-पुस्तकं उघडून देणारी इन्फ्लिबनेटचीच 'एन-लिस्ट' योजना कॉलेजांसाठी आहे. 'शोधगंगा' या त्यांच्याच संकेतस्थळावर तर पीएच.डी.चे प्रबंध कुणालाही उघडता येतात. आमच्या काळी एका प्रबंधासाठी पुण्याची गाडी पकडावी लागे.

वहीतला एक प्रसंग सांगतोच. एम.ए.ची एक मुलगी हरखून आली, तिचा लेख 'आंतरराष्ट्रीय' जर्नलमध्ये छापून आला होता. पैसे भरले होते, चार दिवसांत स्वीकारल्याची मेल आली होती. मी तिला शेजारी बसवून त्या जर्नलचं संकेतस्थळ उघडलं. एकाच अंकात दंतवैद्यक, शेअर बाजार आणि संतसाहित्य. संपादक मंडळातल्या एका प्राध्यापकांच्या विद्यापीठाच्या पानावर गेलो, तर तिथे त्या जर्नलचा उल्लेखही नाही. पोरीचा चेहरा उतरला. तासभर गेला त्यात, आणि देवघेवीच्या रजिस्टरात त्या तासाची नोंद शून्य. हल्ली जुने सहकारी सांगतात की पोरं एआयने दिलेली संदर्भांची यादी घेऊन येतात आणि त्यातले काही लेख जगात कुठेच नसतात. ते नाहीत हे कुणीतरी शोधून दाखवावं लागतं. शिवाय यूजीसीच्या २०१८ च्या नियमांनंतर प्रबंधातला मजकूर दुसरीकडच्या लिखाणाशी किती जुळतो, ते साम्य तपासणं आलं. दहा टक्क्यांपर्यंत माफ, पुढे पायरीपायरीने शिक्षा. तो अहवाल बहुतेक ठिकाणी लायब्ररीच काढते, आणि घाबरलेल्या विद्यार्थ्याला तो समजावूनही तिथेच सांगावा लागतो.

ग्रंथपालांचा राग मला कळतो. आमच्या पिढीने नोकरी पहारेकऱ्यासारखी केली. पुस्तक हरवलं तर पगारातून कापतील ही धास्ती. खरं तर केंद्र सरकारच्या २०१७ च्या सामान्य वित्तीय नियमांतही, वर्षभरात दिल्या-वाचल्या गेलेल्या दर हजार पुस्तकांमागे पाच गहाळ झाली आणि त्यात लबाडी किंवा हयगय नसेल, तर ते वाजवी धरलंय. हे माहीत असतं तर कितीतरी कपाटांची कुलपं मी आधीच काढली असती.

आणि गंमत बघा, हे सगळं बडोद्यात व्हावं! सयाजीरावांनी १९१० साली विल्यम बॉर्डन या ग्रंथपालांना अमेरिकेहून बोलावलं, पुढच्या वर्षी ग्रंथपालांसाठी शिक्षणाचा वर्गही सुरू झाला. मांडवीजवळच्या सेंट्रल लायब्ररीत लोखंडी रॅकांमधली जमीन काचेची आहे. लहानपणी आजोबांबरोबर दांडिया बाजारातून चालत तिथे गेलो की वरच्या मजल्यावरच्या माणसाची सावली डोक्यावरून सरकताना बघायची, हा माझा खेळ. पण त्या इमारतीपेक्षा मला संस्थानाच्या काळात खेडोपाडी जाणाऱ्या पुस्तकांच्या पेट्या मोठ्या वाटतात. वाचक येत नाही ना, मग पेटी त्याच्या गावी पाठवा. घरी बसून जर्नल उघडणारा पासवर्ड म्हणजे तीच पेटी. फक्त ती पोचली का, हे आज कुणी विचारत नाही.

आता रॅकांचं. काय काढायचं ते नीट ठरवा. जुन्या अभ्यासक्रमाची क्रमिक पुस्तकं, एकाच आवृत्तीच्या पंधरा प्रती, कालबाह्य संगणकाची गाइडं, ही खुशाल निर्लेखित करा, म्हणजे नोंदीतून काढून टाका. कमिटीचा ठराव घ्या आणि दाखल नोंदवहीत लाल शाईने नोंद करा. पण बडोदा संस्थानाशी, जुन्या मराठी-गुजराती छपाईशी संबंध असलेलं काहीही रद्दीत जाऊ देऊ नका. मी ही चूक केली आहे. जागा नाही म्हणून मासिकांचे बांधीव अंक आणि त्यांत मिसळलेले संस्थानी कारभाराचे जुने वार्षिक अहवाल किलोवर गेले, यादीवर सही माझीच. दोन वर्षांनी एक संशोधक नेमके तेच शोधत आले. मी त्यांना चहा पाजला, दुसरं काय करणार!

बैठकीला रिकाम्या हाताने जाऊ नका. आजपासून महिनाभर काउंटरवर वही ठेवायला ग्रंथपालांना सांगा. ते कुरकुरतील, तेव्हा पहिला दिवस तुम्ही स्वतः बसा. मग प्राचार्यांना म्हणा, वीस नाही, बारा रॅक देतो, आणि अभ्यासिकेच्या कोपऱ्यात एक टेबल, दोन खुर्च्या आणि एक संगणक ग्रंथपालांसाठी राहील. स्पर्धा परीक्षांची मुलं सकाळीच बाटल्या ठेवून जागा धरतात, ते टेबल त्यांच्या तावडीतून वाचवा. चार्जिंगचे पॉइंट भिंतीलाच नाही, मधल्या टेबलांनाही काढून घ्या. आम्ही विसरलो होतो, मग वर्षभर वायरींत पाय अडकत होते.