कल्पित जगाचं पंचांग : वाचकांचे प्रश्न

प्रश्न : माझ्या कादंबरीतल्या ग्रहाचं वर्ष ३९१.३ दिवसांचं आहे. मोठा चंद्र २५.६ दिवसांत प्रदक्षिणा घालतो, धाकटा १०.९ दिवसांत. महिने कसे पाडू? दोन्ही पौर्णिमा एकाच रात्री कधी येतील?

उत्तर : आधी एक दुरुस्ती. प्रदक्षिणेचा काळ म्हणजे चांद्रमास नव्हे. चंद्राची फेरी पुरी होईतो ग्रह सूर्याभोवती पुढे सरकलेला असतो, म्हणून अमावास्या गाठायला चंद्राला आणखी थोडं चालावं लागतं. आपल्या चंद्राची प्रदक्षिणा २७.३२ दिवसांची, पण अमावास्या ते अमावास्या २९.५३ दिवस. हिशेब असा : १ भागिले प्रदक्षिणाकाळ, त्यातून १ भागिले वर्ष वजा, आणि जे येईल त्याने १ ला भागा. तुमच्या मोठ्या चंद्राचा महिना सुमारे २७.४ दिवसांचा निघतो, धाकट्याचा ११.२. आता हे आकडे गोठवा. मध्येच एक दशांश बदललात तर दीडशे महिन्यांनंतरची पौर्णिमा पंधरा दिवस सरकते.

महिना मोठ्या चंद्रावरच बेता. धाकट्यावर बेतलात तर वर्षाला जवळजवळ ३५ महिने होतील आणि त्यांची नावं कुणाच्याच लक्षात राहणार नाहीत. दिवस २७, २८, २७, २८, २७ या क्रमाने द्या. पाच महिन्यांचे १३७ दिवस होतात, म्हणजे सरासरी बरोबर २७.४. असे १४ महिने ३८३.६ दिवसांत संपतात आणि वर्षामागे ७.७ दिवस उरतात. ते साचून अधिक महिना मागतात.

सोपा नियम म्हणजे सात वर्षांत दोन अधिक महिने, चौथ्या आणि सातव्या वर्षी. पण सातव्या वर्षाअखेर २६.५ दिवसच साचलेले असतात आणि आपण २७.४ घालतो. हे ०.९ दिवसाचं कर्ज दर फेऱ्यात वाढतं. २१० वर्षांत ते २७ दिवसांवर जातं आणि पेरणीचा सण शेतात रोपं वर आल्यावर येतो. कथेला असा बिघाड हवा असेल तर हाच नियम ठेवा. नको असेल तर ३२ वर्षांत ९ अधिक महिने घाला. तेव्हा चूक ०.२ दिवसावर येते.

जोडपौर्णिमेचा हिशेब बरेच जण चुकवतात. दोन्ही महिन्यांचा गुणाकार करून त्यांच्या फरकाने भागलं की १८.९ दिवस येतात. पण हा काळ दोन चंद्र आकाशात एकमेकांना गाठण्याचा आहे, मग ते कोरीच्या रूपात असोत की अर्धे. दोघंही पूर्ण असायला हवेत तर दोन्ही महिन्यांच्या पटी जुळवाव्या लागतात : २७.४ × ९ = २४६.६ आणि ११.२ × २२ = २४६.४. म्हणजे नऊ महिन्यांनी एकदा. दर वेळी ०.२ दिवसाची फट वाढते. अर्ध्या दिवसाची सूट धरली तर ओळीने पाचेक जोडपौर्णिमा जमतात, मग ती मालिका तुटते आणि नवी मालिका वेगळ्याच महिन्यात सुरू होते. या रात्रीला ठरावीक ऋतू देऊ नका, ती ऋतूंमधून फिरत राहणार.

प्रश्न : अधिक महिना टाळता नाही का येणार?

उत्तर : येईल. हिजरी कालगणनेत तो नाहीच. वर्ष ३५४ किंवा ३५५ दिवसांचं, म्हणून सण दर वर्षी साधारण ११ दिवस अलीकडे येतात आणि ३३ वर्षांत सगळे ऋतू फिरून होतात. व्यापारी किंवा भटक्या समाजाला हे चालतं, शेतसारा पिकावर घेणाऱ्या राज्याला अडचणीचं होतं.

ठेवायचाच असेल तर तो कोण जाहीर करतं, हे पहिल्यांदा ठरवा. आपल्याकडे निवाडा आकाशावर सोडलेला आहे : ज्या चांद्रमासात सूर्याची संक्रांत होत नाही तो अधिक. जुन्या रोममध्ये हा अधिकार पुरोहित मंडळाकडे होता. अधिक मास घालणं अनियमित झालं आणि ऋतू इतके सुटले की इसवी सनापूर्वी ४६ हे वर्ष ४४५ दिवसांचं करून गाडी रुळावर आणावी लागली. कारस्थानाची कथा लिहिणाऱ्याने रोमचा मार्ग धरावा.

प्रश्न : माझ्या जगातून आठ ग्रह दिसतात, म्हणून आठवडा आठ दिवसांचा आणि दिवसाचे २४ होरे, म्हणजे तास, ठेवले. वारांची नावं होऱ्यांवरून काढली तर?

उत्तर : सगळे वार एकाच ग्रहाचे होतील! आपली पद्धत अशी : शनी, गुरू, मंगळ, रवी, शुक्र, बुध, चंद्र या क्रमाने होरे वाटायचे आणि दिवसाचा पहिला होरा ज्याचा, त्याचा तो वार. २४ ला ७ ने भागून ३ उरतात, म्हणून शनिवारनंतर पहिला होरा रवीकडे येतो, तिथून चंद्राकडे, मग मंगळाकडे. तुमच्याकडे २४ ला ८ ने पूर्ण भाग जातो, त्यामुळे पहिला होरा रोज त्याच ग्रहाचा. नऊ ग्रह घेतलेत तरी तिघांनाच वार मिळतील. होरे आणि ग्रह या दोन्ही आकड्यांत १ सोडून सामाईक विभाजक नको. होरे २५ करा, काम होईल.

आठवडा मोठा करताना माणसांच्या थकव्याचाही विचार करा. फ्रान्सच्या क्रांतिकारकांनी १७९३ मध्ये दहा दिवसांचा आठवडा आणला, सुट्टी दहाव्या दिवशी. त्यांचं कॅलेंडर १ जानेवारी १८०६ पासून रद्द झालं.

प्रश्न : दोन राज्यांच्या तारखा वेगळ्या ठेवायच्या आहेत. गोंधळ कसा टाळू?

उत्तर : वेगळेपणा आणणं सोपं आहे. महाराष्ट्रात महिना अमावास्येला संपतो, उत्तरेत पौर्णिमेला. म्हणून आपली श्रावण वद्य अष्टमी तिकडे भाद्रपद कृष्ण अष्टमी असते, दिवस तोच. वर्षारंभही आपला चैत्रात, गुजरातचा कार्तिकात. एवढे दोन फरक पुरेत.

सांभाळायचं मात्र एकाच आकड्यावर. करणग्रंथांतला, म्हणजे पंचांगाचं गणित सांगणाऱ्या जुन्या ग्रंथांतला, अहर्गण घ्या, म्हणजे ठरवलेल्या आरंभदिनापासूनचे दिवस, आणि प्रत्येक प्रसंगासमोर तोच लिहा. तारखा त्यावरून काढायच्या, उलट नाही. समजा आरंभदिनी वर्षारंभ आणि दोन्ही अमावास्या होत्या आणि राजाचा खून ५००० व्या दिवशी होतो. ५००० मधून ३९१.३ च्या १२ पटी काढल्या की ३०४.४ उरतात, म्हणजे तेरावं वर्ष चालू आहे. २७.४ च्या १८२ पटी काढून १३.२ उरतात, पौर्णिमा १३.७ ला. ११.२ च्या ४४६ पटी काढून ४.८, पौर्णिमा ५.६ ला. दोन्ही चंद्र जवळजवळ पूर्ण आहेत. मारेकरी अंधारात निसटला असं लिहिलं असेल तर आभाळ तरी आणा, नाहीतर खून आठवडाभर पुढे ढकला.