काळोख्या आकाशाची अत्यंत मंद पृष्ठदीप्ती (ठरावीक क्षेत्रफळामागचा उजळपणा) कोणत्या एककात मोजतात?
प्रमाण एकक कँडेला (प्रकाशाच्या तीव्रतेचे एकक) प्रति चौरस मीटर हेच आहे. परंतु चंद्र नसलेल्या रात्री, दिव्यांच्या उजेडापासून दूरच्या आकाशाची दीप्ती त्यात जेमतेम ०.०००१७ भरते आणि इतकी शून्ये लिहिताना हमखास चूक होते, म्हणून मायक्रोकँडेला (कँडेलाचा दशलक्षावा भाग) वापरून १७० लिहिणे मला अधिक योग्य वाटते. खगोलनिरीक्षक मात्र ‘प्रत प्रति चौरस आर्कसेकंद’ ही मोजपट्टी वापरतात (प्रत म्हणजे तेजस्वितेचा आकडा, आर्कसेकंद म्हणजे अंशाचा ३६००वा भाग), जिच्यावर हेच आकाश सुमारे २२ दाखवते. ही पट्टी उलटी (आकडा लहान तितके आकाश उजळ) आणि लॉगरिदमिक (दर प्रतीमागे ठरावीक पटीने बदलणारी) आहे, हे नीट ध्यानात घ्यावे: शहरातले १८ प्रतीचे आकाश त्याहून सुमारे ४० पट उजळ असते. जुन्या ग्रंथांतले ‘स्कॉट’ हे एकक म्हणजे अपोस्टिल्ब या दीप्तीच्या जुन्या एककाचा हजारावा भाग, म्हणजेच सुमारे ३१८ मायक्रोकँडेला प्रति चौरस मीटर.