अपोलो १३: न झालेला रुबेला आणि बदललेला वैमानिक

अमेरिकेच्या अपोलो १३ या चांद्रमोहिमेचे उड्डाण ११ एप्रिल १९७० रोजी झाले आणि ते दोन दिवसांवर आले असताना नासाने केन मॅटिंग्ली यांच्या जागी राखीव चमूतील जॅक स्वायगर्ट यांना घेतले. मॅटिंग्ली यांना रुबेला होईल, अशी भीती होती. पुढे चंद्राकडे जाताना यानातील प्राणवायूच्या टाकीचा स्फोट झाला आणि चंद्रावर न उतरताच तिघांना परतावे लागले. या बदलाविषयी वाचकांनी विचारलेल्या काही प्रश्नांची उत्तरे येथे देत आहे.

प्रश्न: रुबेला हा लहान मुलांचा सौम्य आजार आहे. मग धडधाकट वैमानिकाला त्यासाठी का वगळले?

उत्तर: राखीव चमूतील चार्ली ड्यूक यांना एका परिचिताच्या लहान मुलाकडून रुबेला झाला, आणि दोन्ही चमू एकत्र सराव करत असल्यामुळे सर्वांचाच ड्यूक यांच्याशी संपर्क आला होता. मॅटिंग्ली यांचे सहकारी जिम लोव्हेल आणि फ्रेड हेझ यांच्याकडे या आजाराविरुद्धची प्रतिकारशक्ती होती, मॅटिंग्ली यांच्याकडे ती नव्हती. आज आपल्याकडे गोवर-रुबेलाची लस बाळांना नेमाने दिली जाते. अमेरिकेत मात्र रुबेलाच्या लशीला १९६९ मध्ये, म्हणजे उड्डाणाच्या जेमतेम वर्षभर आधी परवानगी मिळाली होती.

संसर्गानंतर लक्षणे दिसायला साधारण दोन ते तीन आठवडे लागतात, आणि डॉक्टरांचा हिशेब असा की पुरळ उठायचे ते नेमके चंद्राभोवती फिरत असतानाच उठेल. त्या वेळी मॅटिंग्ली कमांड मॉड्यूलमध्ये, म्हणजे चंद्राभोवती फिरत राहणाऱ्या मुख्य यानात, एकटे असणार होते, आणि चंद्रावरून परतणाऱ्या दोघांच्या यानाशी आपले यान जोडून घेण्याचे काम गरज पडल्यास त्यांनाच करावे लागणार होते. प्रौढांमध्ये रुबेलाबरोबर ताप येऊ शकतो, शिवाय बोटांचे आणि मनगटाचे सांधे सुजून दुखू शकतात. घरी अंथरुणात हे सोसता येते, परंतु ज्याच्या बोटांच्या हालचालीवर दोन सहकाऱ्यांचे परतणे अवलंबून आहे त्याच्या बाबतीत ‘सौम्य’ हा शब्द डॉक्टरांनी वापरला नाही, हे मला योग्यच वाटते.

प्रश्न: मग संपूर्ण राखीव चमू का पाठवला नाही, किंवा उड्डाण पुढे का ढकलले नाही?

उत्तर: राखीव चमूतच ड्यूक होते आणि ते स्वतः आजारी होते, त्यामुळे तो मार्ग बंद झाला. पुढे ढकलायचे तर महिनाभर थांबावे लागले असते, कारण उतरण्याच्या जागेवर सूर्य क्षितिजालगत असला तरच लांब सावल्यांमुळे खाचखळगे ओळखू येतात, आणि अशी वेळ महिन्यातून एकदाच येते. स्वायगर्ट यांना कमांड मॉड्यूलची खडानखडा माहिती होती. तिघांचे हात जुळतात की नाही, एकमेकांचा आवाज ऐकताच काय करायचे ते कळते की नाही, हे पाहण्यासाठी सिम्युलेटरवर कसून सराव घेण्यात आला आणि मगच होकार मिळाला. या धावपळीत स्वायगर्ट आयकराचे विवरणपत्र भरायला विसरले आणि अंतराळातून त्यांनी मुदतवाढीची चौकशी केली, हा किस्सा खरा आहे.

प्रश्न: मॅटिंग्ली असते तर अपघात टळला असता का?

उत्तर: नाही. प्राणवायूच्या टाकीतील तापकाचे स्विच २८ व्होल्टसाठी बनवलेले होते आणि जमिनीवरील चाचणीत त्यांना ६५ व्होल्टचा पुरवठा मिळाला. स्विच चिकटून बसले, तापक तापतच राहिला आणि आतल्या तारांचे आवरण जळाले. १३ एप्रिलला टाकीतील पंखे सुरू करण्याचा नेहमीचा आदेश आला. तो स्वायगर्ट यांनी पाळला आणि टाकीचा स्फोट झाला; मॅटिंग्ली यांनीही तो तसाच पाळला असता. उलट ते जमिनीवर राहिल्यामुळे, स्फोटानंतर वीज वाचवण्यासाठी बंद केल्याने थंड पडलेले कमांड मॉड्यूल थोडक्या विजेत पुन्हा सुरू करण्याचा क्रम ठरवायला त्यांची मदत झाली. त्यांना रुबेला झालाच नाही. म्हणून डॉक्टर चुकले असे कोणी म्हटले तर मी सहमत होणार नाही; निर्णयाच्या दिवशी हाती काय होते, तेवढेच पाहायचे असते.

प्रश्न: उड्डाणात खरोखर कोणी आजारी पडले का?

उत्तर: हो, ज्यांची कोणी चिंता केली नव्हती ते हेझ. अपघातानंतर पाणी जपण्यासाठी प्रत्येकी दिवसाला सुमारे पावणेदोनशे मिलिलिटर, म्हणजे पेलाभरही नाही, इतकेच पाणी ठरले होते. लघवी कमी झाली की जंतू धुऊन निघत नाहीत. हेझ यांना मूत्रमार्गाचा संसर्ग होऊन ताप भरला. लोव्हेल यांचे वजन सहा किलोहून अधिक घटले.

प्रश्न: रशियात असा बदल कधी झाला होता का?

उत्तर: जून १९७१ मध्ये सोयुझ ११ या यानाच्या उड्डाणाच्या वेळी अंतराळवीर व्हॅलेरी कुबासोव्ह यांच्या फुप्फुसावर क्ष-किरणात डाग दिसला आणि क्षयाची शंका आली. तेथे एक आजारी पडला तर तिघेही बदलत, त्यामुळे अलेक्सी लिओनोव्ह यांचा चमू मागे राहिला आणि दोब्रोवोल्स्की, वोल्कोव्ह व पात्सायेव्ह गेले. परतताना यानातील झडप अवेळी उघडून हवा निघून गेली आणि तिघेही मृत्युमुखी पडले. दाबरोधक पोशाख त्यांच्या अंगावर नव्हते. तिघांना ते घालून बसण्याइतकी जागाच यानात नव्हती. कुबासोव्ह यांना क्षय नव्हता. या निदानाने कुबासोव्ह वाचले असे म्हणणे सोपे आहे, पण डाग पाहणाऱ्या डॉक्टरांना झडपेची काहीच कल्पना नव्हती.

प्रश्न: आता काय करतात?

उत्तर: अपोलो १४ पासून उड्डाणाआधी तीन आठवडे विलगीकरण आणि मोजक्याच, तपासलेल्या माणसांशी संपर्क, अशी शिस्त लागली. आता हा काळ साधारण दोन आठवड्यांचा असतो. शुभांशू शुक्ला आणि त्यांचे सहकारी २५ मे २०२५ रोजी विलगीकरणात गेले. पण उड्डाण कधी हवामानामुळे, कधी रॉकेटमधील द्रवरूप प्राणवायूच्या गळतीमुळे लांबत गेले आणि ते निघाले २५ जूनला, म्हणजे बरोबर एक महिन्याने.