खारीचं पिल्लू सापडलंय? आधी खिडकी उघडा

ताई, ग्रिलवरच्या घरट्यातून पडलेलं खारीचं पिल्लू तुम्ही बुटाच्या खोक्यात ठेवलंय आणि ड्रॉपरने गाईचं दूध पाजताय, हे वाचून धस्स झालं. तीन वर्षांपूर्वी मुलुंडला मी हेच केलं होतं. दूध आत्ता थांबवा. त्याने जुलाब लागतात, शिवाय अंग गार असेल तर पोटात गेलेलं पचतही नाही. कोमट पाण्याची बाटली फडक्यात गुंडाळून खोक्याच्या एकाच बाजूला ठेवा.

माझी मोठी चूक मात्र दुधाची नव्हती, खिडकीची होती. कावळे टपलेले, म्हणून पिल्लू आत घेतलं आणि स्लायडिंग ओढून घेतली. दुपारभर एक खार ग्रिलवर शेपटी झटकत चिरचिरत होती. मला वाटलं, कावळ्यांवर ओरडतेय. ती त्याची आई होती! घरटं मोडलं की खार पिल्लाला तोंडात धरून दुसऱ्या जागी नेते. तेवढ्यासाठीच ती आली होती आणि मी काच लावून बसले होते. एका दवाखान्यात फोन केला, तर म्हणाले, "माणसाचा हात लागला ना, आता आई घेणार नाही." हे खोटं आहे. पिल्लाचे डोळे उघडलेत का, एवढंसुद्धा त्यांनी विचारलं नाही. तिसऱ्या दिवशी पिल्लू गेलं. त्या फोनचा राग अजून जात नाही.

मी डॉक्टर नाही, पण माझं मत ठाम आहे: उघडं खोकं घरट्याजवळ ग्रिलला बांधा, सावलीत, मांजर पोचणार नाही असं. स्वतः आत जाऊन लांबून बघत राहा, कावळा आला तर हाकला. खारी दिवसाच फिरतात, त्यामुळे अंधार पडला की पिल्लू आत घ्या आणि उजाडताच परत बाहेर ठेवा. जखम असेल किंवा मांजराने धरलं असेल तर मात्र थांबू नका, वन विभागाच्या 1926 वर फोन करा.

आईसाठी बिस्किटं आणि खारे शेंगदाणे नकोत. उंबरं, जांभळं, बिया, कोवळे कोंब, किडे, कधी पक्ष्यांची अंडीही ती स्वतः शोधून खाते. फार तर पेरूची फोड आणि पाणी ठेवा. आणि घरट्यातला काथ्या-कापूस कचरा समजून काढू नका, मोलकरणीलाही सांगून ठेवा. एका वेताला बहुधा दोन-तीन पिल्लं असतात. बाकीची अजून आत असतील तर आई तिथेच ये-जा करत असणार.

अजून ऊन आहे, खिडकी आत्ताच उघडा. संध्याकाळी काय झालं ते नक्की लिहा, मी वाट बघतेय.